खोटी माणसं आणि एक खरा पाहुणा

२००१ साल. कागदावर माझं वय एकाहत्तर. खरं किती ते आईला ठाऊक होतं, आणि ती दुष्काळावरून आणि जनावरांच्या रोगावरून वर्षं मोजायची. दात शाबूत होते, चालणं बराबर होतं आणि तांड्याचं नायकपण माझ्याकडं होतं, बापाकडून आलेलं. भांडण असो की सोयरीक, पाहुणा आधी माझ्या ओट्यावर यायचा, मग ज्याच्या घरी जायचं त्याच्या घरी.

डोळे तेवढे गेले होते. एकदम नाही गेले. आधी ताकाच्या पाण्यातून बघावं तसं झालं. मग बाजारात माणसांची तोंडं पुसल्यासारखी दिसायला लागली. मी कोणाला सांगितलं नाही. काहून सांगायचं? माणूस आवाजावरून कळतो. पोरगा दारात आला की आधी खोकतो. सून पाय घासत चालते. आमची म्हातारी अजून जुना पेहराव करते, आरशाचा घागरा, आरशाची चोळी, कोपरापर्यंत बांगड्या. ती येते तेव्हा आधी चमक येते, मग खळखळ येते, मग बोलणं येतं, आणि ते बोलणं काही थांबत नाही. तिला ओळखायला डोळे लागत नाहीत.

ती म्हणायची, "गोरेगावला डोळ्याचा कॅम्प लागतो, दाखवा एकदा." मी म्हणायचो, "नायकाच्या डोळ्याला काय धाड भरली?" तिथं विषय संपायचा. घरात आमी आमच्या गोरमाटी, म्हणजे बंजारा बोलीत बोलतो. इथं मराठीत लिहितो, कारण शाळेत दुसरीपर्यंत बसलो ते मराठीच्या.

संक्रांत झाल्यावर एका संध्याकाळी मी ओट्यावर बसलो होतो. समोरच्या लिंबाखालून बैल निघाले. एकामागं एक, पाठीवर गोण्या लादलेले, शिंगांना लाल चिंध्या. माझ्या आज्यानं असे बैल हाकले होते. मीठ न्यायचं, धान्य आणायचं, मुलखामागून मुलूख. मी ते फक्त ऐकलेलं. आणि आता ते माझ्यासमोरून चालले होते, माणसाचं तोंड दिसत नव्हतं त्या डोळ्यांना शिंगावरची चिंधीसुद्धा साफ दिसून राहिली होती. गळ्यातल्या घंटा हलत होत्या, पण वाजत नव्हत्या. धूळ नव्हती. मी मान वळवली तसे ते लिंबासकट बाजूला सरकले आणि गेले.

म्हातारीला सांगितलं. ती जरा घाबरली, जरा खूशही झाली.

"वाडवडील आले. दिवाळीला तुमच्या सुनेनं लापशीत गूळ कमी घातला, तवाच मी म्हणलं होतं."

"माझी सून कशी? तूच पसंत केलती."

"गूळ कमी घालंल हे काय तोंडावर लिहिलं होतं तिच्या?"

आमच्यात दिवाळीला विस्तवावर तूप आणि लापशी सोडून वाडवडिलांना जेवायला बोलावतात. धबुकार म्हणतात त्याला. तो आमी शिमग्याच्या आधीच घातला. सगळ्या तांड्याला कळलं की नायकाला लदेणी दिसली, म्हणजे तो जुना लादलेल्या बैलांचा तांडा. मग काय, माणसं येऊन बसायला लागली.

"नायक, आमच्या आज्याचा कानतुट्या बैल होता का हो त्याच्यात?"

"होता का बघतो. लांबून गेले."

एक म्हातारा, माझ्याच वयाचा, रोज भांडायला यायचा. "माझ्या आज्याचा बैल म्होरं चालायचा. तुमी म्हणता तो मागं दिसला. मागं कसा राहील?"

"तूच विचार त्याला. मला काय माहीत, थकला असंल."

खोटं कशाला बोलू, मला ते बरं वाटत होतं. डोळे गेलेल्या माणसाकडं तांडा बघायला येऊन राहिला होता.

पण मग टोपीवाले आले.

वीतभर उंचीची माणसं. काळे कोट, डोक्यावर उंच टोप्या, एकाच्या हातात छत्री. सून भाकरी थापत होती आणि हे चुलीच्या कडेला ओळीनं बसलेले, पाय खाली सोडून. आमच्या सात पिढ्यांत कोणी कोट घातला नव्हता. कोणाचा आजा म्हणून सांगू यांना? दुसऱ्या दिवशी भर उन्हात आभाळावर विटांची भिंत दिसली, रेघ न् रेघ मोजून घ्यावी अशी. मग एक बाई यायला लागली, तिला डोळे-नाक काही नाही, दात तेवढे मोठे. ती करायची काहीच नाही. नुसती बसायची. मी तोंड बंद केलं. लोकांनी विचारलं की म्हणायचो, "गेले आता. लापशी खाऊन गेले."

तोंड बंद करायला कारण होतं. माझा थोरला भाऊ म्हातारपणी बिघडला होता. बायकोला आई म्हणायचा. कधीच विकलेले बैल हुडकत रानात जायचा, त्यांना शिव्या द्यायचा, ते ऐकत नाहीत म्हणून रडायचा. दोनदा विहिरीच्या काठावरून आणला, तेव्हा पोरांनी त्याच्या कमरेला दावं बांधून दुसरं टोक खाटेला बांधलं. पोरांचं तरी काय चुकलं? कामाला जायचं की बापाला धरून बसायचं? पण तो माझा भाऊ होता, ज्याच्या आवाजानं बैल उठायचे. तो दाव्याला दिवसभर नखानं टोकरायचा. मी ते बघितलं होतं. मला टोपीवाल्यांची भीती नव्हती, त्या दाव्याची होती.

म्हणून मी माझा एक कायदा केला. ज्याला आवाज आहे तो खरा. ज्याला आवाज नाही तो खोटा, त्याच्याकडं बघायचं नाही. कायदा चांगला चालला, शिमगा होईपर्यंत.

त्या दिवसांत नातीची सोयरीक चालली होती. मुलगा कनेरगाव नाक्याकडच्या एका तांड्याचा, शिकलेला. नातीनं त्याला पाहिला होता आणि तिला पसंत होता. दोन्हीकडच्या पंचांनी बसून गूळ खायचा तेवढा राहिला होता. आमच्यात गूळ खाल्ला की सोयरीक पक्की, मग मागं फिरता येत नाही.

दुपार होती. घरची सगळी हरभरा काढायला गेलेली. मी ओट्यावर एकटा. बघतो तर ओट्याच्या पलीकडच्या टोकाला एक माणूस बसलेला. पांढरं धोतर, पांढरं पागोटं, मांडीवर हात. कधी आला ते कळलं नाही. बोलला नाही, खोकला नाही. मी मनात म्हणलं, आज टोपी सोडून पागोटं घालून आले का?

आमच्या भागातल्या तांड्यांची एक रीत आहे. मोठा माणूस नायकाच्या ओट्यावर आला तर तो आपणहून तोंड उघडत नाही. नायकानं आधी पाणी विचारायचं, मग तंबाखू पुढं करायची, मग "कोणीकडून येणं झालं" म्हणायचं. तोपर्यंत पाहुणा गप. मी जन्मभर ही रीत पाळली, दुसऱ्यांना शिकवली. पण त्या दुपारी मला माझा कायदा आठवला, रीत आठवली नाही.

मी तंबाखू मळली आणि एकट्यानं खाल्ली. तो तसाच बसून राहिला. मी तोंड फिरवलं, पुन्हा बघितलं, तो तिथंच. रोजचे खोटे इतका वेळ बसत नसत. मला राग आला. मी हात झटकला आणि म्हणलं, "हाड! चल जा इथून. लई झालं तुझं."

तो उठला आणि गेला. आवाज न करता गेला. मला वाटलं, चला, आता हे ऐकायलाही लागले.

चारच दिवसांनी निरोप आला. ओट्यावर बसलेला तो माणूस मुलाचा आजा होता. गोरेगावच्या बाजारातून परत जाताना गुळाचा दिवस ठरवायला आमच्याकडं आला होता. निरोप असा, "तुमच्या नायकानं आमच्या म्हाताऱ्याला कुत्र्यासारखं हाड केलं. आता तुमची पोरगी दुसरीकडं बघा."

पोरगा घरात आला तो न खोकता आला.

"बा, काहून असं केलं?"

मी तंबाखू मळायला घेतली.

"त्यांनी पाणी मागितलं का? भांडले का? काही तर बोला."

"माझी मर्जी."

"तुमची मर्जी, आन् पोरीचं लग्न मोडून राहिलं!"

नातीनं ताट माझ्यापुढं जरा जोरात ठेवलं, एवढंच. तो आवाज मला पोराच्या ओरडण्यापेक्षा जास्त लागला.

पोरगा मग हळू आवाजात बोलला, आणि ते वाईट होतं. "मी जाऊन सांगतो त्यांना. म्हणतो, म्हातारपणानं बाला चळ लागला, मोठ्या काकासारखा. माफ करा."

"खबरदार! चळ तुझ्या डोक्याला."

"मग कारण सांगा!"

कारण काय सांगू? उद्धट म्हणून घेतलं तर नातीचं लग्न मोडतं. चळला म्हणून घेतलं तर पलीकडचे म्हणतील, यांच्या घरात वेड आहे, आधी भाऊ, आता हा, उद्या पोरीची लेकरं. तरी मोडतंच. आणि वर माझ्या कमरेला दावं. मी विचार केला, उद्धट ठरलेलाच बरा. माणूस उद्धट असला तरी त्याला कोणी बांधत नाही.

दुसऱ्या दिवशी म्हातारी माझ्याजवळ येऊन बसली.

"त्यो आला तवा तुमाला दिसला न्हाई का?"

"दिसला."

"मंग?"

मी म्हणलं, "खरा वाटला न्हाई."

तिच्या बांगड्या थांबल्या. पन्नास वर्षांत मी तिला इतकी गप बघितली नव्हती. एका क्षणाला मला वाटलं, हीपण आता खोटी झाली की काय. मग ती नाक ओढून म्हणाली, "माझे डोळे लई दुखून राहिले. परवा गोरेगावला शाळेत कॅम्प हाय. पोराला येळ न्हाई. तुमी सोबत चला."

"तुझ्या डोळ्याला काय झालं?"

"माझे डोळे, मला माहीत. येता का न्हाई?"

बायकोला एकटी बाजारगावी सोडणारा मी नव्हतो. गेलो.

शाळेच्या वर्गात बाकड्यावर बसवलं. डॉक्टरीणबाई तरुण होती, आवाजावरून माझ्या नातीपेक्षा थोडीच मोठी. तिनं म्हातारीचे डोळे बघितले आणि हसली. "आजी, तुम्ही सुईत दोरा ओवता ना?"

"ओवते की. अंधारातबी ओवते."

"मग इथं कशाला आलात?"

"ह्यांना आणायला," म्हातारी म्हणाली आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून मला बाकड्यावर दाबलं. चारचौघात बायकोशी झटापट कशी करणार? बसलो.

डॉक्टरीणबाईनं बॅटरी मारली. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, पिकलेला. आधीच यायला पाहिजे होतं, वगैरे. ते मला माहीत होतं. मी उठायला लागलो तशी ती म्हणाली, "बाबा, एक विचारू? जे तिथं नाही असं काही दिसतं का तुम्हाला?"

"न्हाई."

"माणसं, जनावरं, नक्षी?"

"न्हाई म्हणलं ना."

"बरं. मी सगळ्यांनाच विचारते. मोतीबिंदू इतका पिकला की कोणाकोणाला दिसतं. मागं एक आजी आल्या होत्या, त्यांना ताटात फुलं दिसायची. भाकरी कुठून तोडायची कळेना म्हणून जेवण सोडलं होतं त्यांनी. घरात सांगितलं नव्हतं. लोक वेडी म्हणतील म्हणून."

मी उठता उठता पुन्हा बसलो. "ती वेडी नव्हती?"

"मुळीच नाही."

"मंग काय होतं?"

"डोळा आत खबर पाठवणं बंद करतो. पण मेंदूला चित्रं बघायची सवय असते. खबर आली नाही की तो आपल्या मनानं चित्रं काढतो."

मला ते लगेच कळलं. खळ्यावर तिवड्याभोवती, म्हणजे मधल्या खांबाभोवती, बैल फिरवतात. कणसं मळून संपली, हाकणारा बाजूला झाला, तरी जुना बैल फिरत राहतो. त्याला कोणी सांगितलेलं नसतं की काम संपलं. तो बैल वेडा नसतो.

मग मी सगळं सांगितलं. लादलेले बैल, टोपीवाले, विटांचं आभाळ, दातवाली बाई. मागच्या बाकड्यावरचे लोक ऐकत होते, ऐकू दिलं. म्हातारी मध्येच म्हणाली, "बया! माझ्या चुलीवर कोट घालून बसले आन् मला सांगितलं न्हाई?"

डॉक्टरीणबाईनं मग बरंच विचारलं. ते बोलतात का? न्हाई. तुम्ही त्यांच्याशी बोलता का? एकदाच बोललो, तो खरा निघाला. ते खोटे आहेत हे तुम्हाला कळतं? कळतं म्हणून तर घोटाळा झाला. आज वार कोणता, कालच्या जेवणात काय होतं, मागच्या साली पेरणी कधी झाली, घरात कोण कोण. मी सगळं सांगितलं, वर शेजाऱ्याची पेरणी कशी उशिरा झाली तेही सांगितलं. ती म्हणाली, "बस बस."

शेवटी मी भावाचं विचारलं.

ती म्हणाली, "भाऊ त्या बैलांना खरं मानायचे ना? घरची माणसं विसरायला लागले होते ना? तो आजार डोक्याचा. तुमचं दुखणं डोळ्याचं. पुढं कधी विसरायला लागलात तर लगेच दाखवा, ते मी आज कसं सांगणार. पण आज तुमचं डोकं ठिकाणावर आहे, बाबा."

त्या दुखण्याला एक इंग्रजी नावही तिनं सांगितलं आणि सगळं कागदावर लिहून दिलं. ते नाव माझ्या जिभेवर बसलं नाही, आणि मला नावाची गरजही नव्हती. ऑपरेशन पुढं दिवाळीनंतर झालं, जाड चष्मा आला आणि टोपीवाले कुठं गेले ते कळलंही नाही. पण माझी सुटका त्या शाळेतच झाली. बाहेर आलो तर पटांगणावर विटांची भिंत उभी होती. मी त्या भिंतीतून सरळ चालत गेलो आणि उसाचा रस पाजला म्हातारीला. ती पीत पीत म्हणाली, "एक गिलास अजून घ्या. दिसून राहिला ना खरा?"

रात्री पोराला सांगितलं. तो आधी ऐकेना. "डॉक्टरीणबाई असं म्हणाली?" तीनतीनदा विचारलं. मग म्हणाला, "मी जातो उद्या, त्यांना समजावतो."

"तू न्हाई. हाड मी केलं, मी जातो."

दुसऱ्या दिवशी सकाळी अंघोळ केली, धुतलेलं धोतर नेसलो आणि पहिल्या जीपनं निघालो. म्हातारी बरोबर आलीच, विचारायची तिला सवय नाही. गोरेगावला जीप बदलली, कनेरगाव नाक्याच्या अलीकडं उतरलो आणि मुरमाच्या वाटेला लागलो. वाट मला दिसत नव्हती. जन्मात पहिल्यांदा ती पुढं आणि मी तिच्या बांगड्यांच्या आवाजामागं. "दगड," ती म्हणायची. "नाली." मध्येच, "म्हसरू हाय, खरं हाय."

त्या म्हाताऱ्याच्या दारात पोचलो. खाट वाजली, म्हणजे तो उठून बसला असावा. त्यानं या म्हणलं नाही. पाच-सहा माणसं गोळा झाली. मी उभ्यानंच बोललो.

"तुमी माझ्या ओट्यावर आलते तवा मला दिसले होते. पण मला नसलेली माणसं दिसतात. डोळ्यात मोती पिकलाय म्हणून. डॉक्टरनं सांगितलं, पोरगा कागद घेऊन येईल, वाचून घ्या. मी तुमाला त्यातलंच समजलो. डोकं माझं जागेवर हाय. चूक डोळ्याची हाय, आन् डोळे माझे हायत, म्हणून मी आलो."

मग म्हातारा म्हणाला, "आता काय दिसून राहिलं?"

"खरं सांगू?"

"सांगा."

"तुमच्या दोन्ही बाजूला दोन बाया बसल्यात. हिरव्या लुगड्यातल्या."

"दोन?" म्हातारा म्हणाला. "हळू बोला. घरात एक हाय तिलाच जड जाईल."

आतून एक बाई ओरडली, "ऐकू येतं मला!" आणि सगळी माणसं हसली. म्हातारा पण हसला, खोकेपर्यंत हसला. मग त्यानं माझा हात धरून मला खाटेवर आपल्या शेजारी ओढलं, त्या हिरव्या लुगड्यावरच, आणि आत बघून म्हणाला, "गूळ आणा."

पंचांना आणि पोराला बोलवायला माणूस गेला. ते येईपर्यंत दुपार होणार होती, पण एवढा वेळ थांबणारा मी नव्हतो. ताटलीतला गुळाचा एक खडा चाचपून उचलला आणि सगळ्यांच्या आधी तोंडात टाकला.